अपील केलंय, पण स्थगिती घेतलीय का?

शुक्रवारी संध्याकाळी दारावर नोटीस डकवून कोतवाल निघून गेला आणि शनिवारी सकाळी मावशी माझ्यासमोर येऊन बसल्या. सांगली जिल्ह्याच्या दुष्काळी पट्ट्यातल्या एका गावच्या गायरानाच्या कडेला त्यांचं दोन खोल्यांचं घर आहे, मागे एकरभर रान. सासऱ्यांनी दगड वेचून, ताली घालून केलेलं. मांडीवर प्लॅस्टिकची पिशवी, पिशवीत पिवळे पडलेले कागद. नोटिशीत लिहिलं होतं की सात दिवसांच्या आत अतिक्रमण स्वतःहून काढून घ्यावं, न घेतल्यास शासनामार्फत काढण्यात येईल व खर्च आपणाकडून वसूल केला जाईल.

मावशी म्हणाल्या, “दादा, आमचं अपील पुण्याला चालू हाय की. निकाल लागायच्या आत ह्यांना कसं काढता येतंय?”

काढता येतं. तालुक्याच्या ठिकाणी वकिलांच्या हाताखाली कारकुनी करत महसुली अर्ज-अपिलं लिहिण्यात माझी बरीच वर्षं गेली. एवढ्या वर्षांत सगळ्यात जास्त घरं मी या एकाच गैरसमजापायी मोडताना बघितली. जमीन मिळावी म्हणून केलेला अर्ज फेटाळला जातो, लोक धडपडत वरच्या अधिकाऱ्याकडे अपील दाखल करतात, पोच घेतात, ती पोच देवाच्या फोटोमागे जपून ठेवतात आणि निर्धास्त होतात. अपील दाखल झाल्याने खालचा आदेश आपोआप थांबत नाही. तो थांबवण्यासाठी वेगळा अर्ज करावा लागतो आणि त्या अर्जावर वेगळा आदेश व्हावा लागतो. त्या आदेशाला स्थगिती म्हणतात. दिवाणी कोर्टातही हेच आहे. दिवाणी प्रक्रिया संहितेत आदेश ४१ नियम ५ मध्ये स्वच्छ लिहिलंय की नुसत्या अपिलामुळे हुकूमनाम्याची अंमलबजावणी थांबत नाही. महसुलात यासाठी महाराष्ट्र जमीन महसूल संहिता, १९६६ चं कलम २५६ आहे. अपील ऐकणारा अधिकारी खालच्या आदेशाच्या अंमलबजावणीला केव्हाही स्थगिती देऊ शकतो, त्यासाठी अटी घालू शकतो, तारणही मागू शकतो. ‘देऊ शकतो’ याचा अर्थ मागितली आणि पटली तर देतो. न मागता मिळत नाही.

पुढचं सगळं समजायला आधी एक गोष्ट डोक्यात पक्की बसवायला हवी.

कागद दोन, भांडणंही दोन

मावशींच्या पिशवीत दोन वेगवेगळे आदेश होते आणि घरच्यांना ते एकच वाटत होते.

पहिला कागद जिल्हाधिकाऱ्यांचा. सासऱ्यांचं अतिक्रमण नियमानुकूल, म्हणजे कायदेशीर, करून ती जमीन वारसांच्या नावे द्यावी, हा अर्ज पुरावा अपुरा म्हणून फेटाळला होता. असे अर्ज हवेतले नसतात. संहितेच्या कलम ५१ खाली जिल्हाधिकारी अतिक्रमण केलेली जमीन किंमत आणि आकार (म्हणजे शेतसारा) घेऊन, जाहीर नोटीस काढून आणि हरकती ऐकून त्याच माणसाला देऊ शकतात. भूमिहीन आणि मागासवर्गीय कुटुंबांनी शेतीसाठी धरलेल्या सरकारी जमिनींबाबत सरकारने वेळोवेळी निर्णयही काढले. त्यातला २८ नोव्हेंबर १९९१ चा शासन निर्णय आमच्या भागात सगळ्यांच्या तोंडी आहे, कारण त्यात १४ एप्रिल १९९० ही तारीख आहे. त्या तारखेपर्यंतचं अतिक्रमण सिद्ध झालं तर पुढे बोलता येतं. दादासाहेब गायकवाडांनी भूमिहीनांसाठी केलेल्या सत्याग्रहांपासून लोक जे मागत होते, त्यातलं थोडं या निर्णयांत उतरलं.

दुसरा कागद तहसीलदारांचा, तोच दारावर डकवलेला. तो अतिक्रमण काढायचा. सरकारी जमिनीवरचं अतिक्रमण काढण्यासाठी कलम ५० आहे आणि बेकायदा कब्जेदाराला झटपट बाहेर काढण्यासाठी कलम ५३.

मावशींचं पुण्यातलं अपील पहिल्या कागदावर होतं. दुसऱ्या कागदाला कुणी हातच लावला नव्हता. पुण्याच्या अपिलाशी तहसीलदारांच्या नोटिशीला काही देणंघेणं नव्हतं, आणि कायद्याच्या नजरेने ते चूकही नव्हतं.

इथे आणखी एक बारकावा आहे, तो चांगल्या-चांगल्या वकिलांच्याही नजरेतून सुटतो. अर्ज फेटाळला, या आदेशात थांबवण्यासारखं काही नसतंच. त्या आदेशाने तुमच्याकडून काही काढून घेतलेलं नाही, फक्त मागितलेलं दिलं नाही. त्याला स्थगिती मिळाली तरी हातात काय येणार? जमीन तर मंजूर होत नाही. म्हणून अशा अपिलात नुसतं ‘आदेशास स्थगिती द्यावी’ असं लिहून भागत नाही. ‘अपिलाचा निकाल लागेपर्यंत अपीलार्थीचा कब्जा काढू नये’ हे वेगळं, स्पष्ट शब्दांत मागायला लागतं. आणि अधिकारी म्हणाले की कब्ज्याचा आदेश माझ्यासमोर नाही, तर त्यांचं म्हणणं अगदीच बिनबुडाचं नसतं. कलम २५६ मध्येच लिहिलंय की त्या कलमाला धरून नसलेली स्थगिती देता येणार नाही. म्हणून काढण्याची नोटीस आली की तिच्यावर स्वतंत्र अपील आणि त्यातच स्वतंत्र स्थगिती अर्ज, हा सरळ रस्ता.

दिलेली जमीन सरकार परत घेतं, तिथे गोष्ट उलट असते. कोयनेची, वारणेची, धोमची, उरमोडीची धरणग्रस्त माणसं लाभक्षेत्रात पुनर्वसनाच्या जमिनीवर राहतात. भूमिहीन म्हणून मिळालेल्या जमिनी कसणारेही गावोगाव आहेत. यांच्या सातबाऱ्यावर भोगवटादार वर्ग २ असं लिहिलेलं असतं, म्हणजे विकणं, गहाण टाकणं, वापर बदलणं यावर बंधनं. परवानगीशिवाय विकली किंवा अट मोडली की शर्तभंगाची नोटीस येते आणि जमीन सरकारजमा करण्याचा आदेश होतो. त्या आदेशाला स्थगिती मिळाली तर कब्जा खरोखर वाचतो, कारण तुमच्या हातातलं काढून घेणारा आदेशच थांबतो. तिथे स्थगितीत फेरफाराचाही, म्हणजे सातबाऱ्यावरची नोंद बदलण्याचाही, उल्लेख करून घ्यावा. कब्जा तुमच्याकडे राहिला आणि मधल्या काळात सातबाऱ्यावर ‘सरकार’ चढलं किंवा जमीन तिसऱ्याच्याच नावे झाली, तर पुढे एकाऐवजी तीन भांडणं लढावी लागतात.

कोणाकडे जायचं, किती दिवसांत

तलाठी (आता ग्राम महसूल अधिकारी म्हणतात, गावात अजून भाऊसाहेबच), मंडळ अधिकारी, तहसीलदार यांच्या आदेशावर अपील प्रांतांकडे, म्हणजे उपविभागीय अधिकाऱ्यांकडे. प्रांतांच्या आदेशावर जिल्हाधिकाऱ्यांकडे. जिल्हाधिकाऱ्यांच्या आदेशावर विभागीय आयुक्तांकडे, म्हणजे सातारा-सांगलीकरांसाठी पुण्याला. जिल्हाधिकाऱ्यांपेक्षा खालच्या अधिकाऱ्याचा आदेश असेल तर ६० दिवस, बाकी ९० दिवस. नक्कल मिळायला लागलेले दिवस यातून वजा होतात, म्हणून नक्कल अर्जाची तारीख आणि नक्कल तयार झाल्याची तारीख या दोन्हींचे शिक्के त्या कागदावर आहेत ना, हे खिडकीवरच बघून घ्या. मुदत टळली असेल तर कलम २५१ खाली विलंब माफीचा अर्ज जोडता येतो. पण उशीर का झाला याचं पटणारं कारण द्यावं लागतं. ‘माहिती नव्हती’ एवढंच लिहू नका, माहिती कधी आणि कशी झाली ते लिहा.

मुदत ६० दिवसांची आहे म्हणून ६० दिवस थांबायचं नसतं. नोटिशीतले सात दिवस आधी संपतात.

एक सोय फारशी कुणाला माहीत नसते. अपील अजून दाखल झालेलं नसेल आणि अपिलाची मुदत चालू असेल, तर ज्या अधिकाऱ्याने आदेश दिला तो स्वतःच आपल्या आदेशाला काही दिवसांची स्थगिती देऊ शकतो. ‘अपील करायचं आहे, नक्कल मिळेपर्यंत कारवाई थांबवावी’ असा साधा अर्ज तहसीलदारांकडेच करायचा. काही अधिकारी देतात, काही देत नाहीत. नाही दिली तरी अर्जावरचा आवक शिक्का पुढे हायकोर्टात कामाला येतो.

स्थगितीच्या अर्जात काय असतं

अधिकारी असो की न्यायाधीश, स्थगिती देताना तीन गोष्टी बघतो. तुमच्या म्हणण्यात वरवर बघता तथ्य दिसतं का. स्थगिती दिली तर समोरच्याची होणारी अडचण मोठी, की न दिली तर तुमची मोठी. आणि न दिल्याने होणारं नुकसान पुढे पैशाने भरून येईल का. शेवटची गोष्ट राहत्या घराच्या बाबतीत सांगायला सोपी आहे. पाडलेलं घर अपील जिंकून उभं राहत नाही. गायरान आज आहे तसंच सहा महिन्यांनीही असणार आहे, थांबल्याने सरकारचं काही जात नाही. दुसऱ्या गोष्टीला एवढं उत्तर बहुतेक वेळा पुरतं. मात्र त्या जागेवर शाळेची खोली, पाण्याची टाकी किंवा मुख्यमंत्री सौर कृषी वाहिनीचा प्रकल्प मंजूर असेल तर हे उत्तर लंगडं पडतं आणि तुमची जागा त्या आराखड्याबाहेर कशी आहे हे मोजणीच्या नकाशाने दाखवावं लागतं.

खरी कसरत पहिल्या गोष्टीत असते. तुमच्याकडे मालकी हक्काचा कागद नाही, म्हणूनच तर अर्ज केलाय. मग तथ्य कशाने दाखवायचं? इथे एक कागद गंमत करतो म्हणा किंवा न्याय करतो म्हणा. तो गाव नमुना १-ई, अतिक्रमणांची नोंदवही. त्यात तुमच्या आजोबांचं नाव अतिक्रमणदार म्हणून लिहिलेलं असतं. लोक तो उतारा लपवतात, लाज वाटते म्हणून, किंवा गुन्हा कबूल केल्यासारखं वाटतं म्हणून. पण त्याच नोंदीत वर्ष असतं, क्षेत्र असतं, पीक असतं, वसूल केलेला दंड असतो. तुमचं कुटुंब कधीपासून त्या जागेवर आहे हे सरकारने स्वतःच्या वहीत, स्वतःच्या हाताने लिहिलेलं आहे. कटऑफ तारखेच्या भांडणात याहून बळकट पुरावा नाही.

मावशींच्या पिशवीत १९८० च्या दशकातल्या दंडाच्या चार पावत्या निघाल्या. एका पावतीची घडी इतकी जुनी की उघडताना मधोमध फाटली. आम्ही ती चिकटपट्टी न लावता कोऱ्या कागदावर ठेवून झेरॉक्स काढली, कारण चिकटपट्टीखालची शाई पुढे पिवळी पडून वाचता येत नाही. त्या पावत्या जिल्हाधिकाऱ्यांसमोर कधी दाखलच झाल्या नव्हत्या. ‘साहेबांनी दंडाचं विचारलंच नाही’ म्हणे. पुरावा अपुरा म्हणून अर्ज फेटाळला गेला तो असा.

या जोडीला ग्रामपंचायतीचा घरपट्टीचा उतारा, वीजबिल, जुनी मतदार यादी, रेशनकार्ड, त्या गावच्या शाळेत शिकलेल्या मुलांचे दाखले. एकेकटा कागद दुबळा असतो, पण सगळे मिळून एकच वर्ष दाखवू लागले की वजन येतं.

अर्जाची शेवटची विनंती मी शक्यतो अशी लिहितो: ‘सबब विनंती की, सदर अपिलाचा अंतिम निकाल होईपर्यंत तहसीलदार यांची दिनांक अमुक रोजीची नोटीस व त्या अनुषंगाने होणारी पुढील सर्व कारवाई यांस स्थगिती देण्यात यावी, आणि गट नंबर अमुक पैकी अपीलार्थीच्या प्रत्यक्ष कब्जेवहिवाटीतील घर व क्षेत्र यांचा कब्जा काढून घेण्यात येऊ नये.’ भाषा जुनाट वाटेल, पण यातला प्रत्येक शब्द कधी ना कधी कुणाच्या तरी उपयोगी पडलेला आहे. ‘पुढील सर्व कारवाई’ लिहिलं नाही, तर जुनी नोटीस बाजूला ठेवून नवीन काढतात. ‘प्रत्यक्ष कब्जेवहिवाटीतील’ हे शब्द गाळले, तर समोरचे म्हणतात की कब्जा तर आम्ही कालच घेतला.

यामुळेच नुसत्या ‘जैसे थे’ आदेशाला मी घाबरतो. जैसे थे म्हणजे कोणत्या दिवशी होतं तसं? नोटीस लागली त्या दिवशी, की आदेश झाला त्या दिवशी? मधल्या दोन दिवसांत कुंपण तोडलेलं असलं तर तुटलेलं कुंपणच ‘जैसे थे’ ठरतं. कब्जा कोणाचा आहे हे आदेशातच लिहून मागा.

सुनावणी न देता काढता येतं का

नाही. कलम ५३ खाली बाहेर काढण्याआधी म्हणणं मांडायची वाजवी संधी द्यावी लागते. कलम ५० च्या नोटिशीतही वाजवी मुदत हवी. सुप्रीम कोर्टाने १३ नोव्हेंबर २०२४ रोजी, न्यायमूर्ती भूषण गवई आणि न्यायमूर्ती के. व्ही. विश्वनाथन यांच्या खंडपीठाने, बांधकामं पाडण्याबाबत देशभरासाठी नियम घालून दिले. कारणे दाखवा नोटीस दिल्यावर किमान १५ दिवस किंवा स्थानिक कायद्यातली मुदत, यात जी जास्त असेल ती. नोटीस नोंदणीकृत टपालाने द्यायची आणि बांधकामावरही लावायची. प्रत्यक्ष सुनावणी घ्यायची. पाडण्याचा आदेश झाल्यावरही १५ दिवस थांबायचं, म्हणजे माणसाला वर दाद मागता यावी. रस्ता, फुटपाथ, रेल्वेलगतची, नदी-तलावातली बांधकामं आणि कोर्टानेच पाडायला सांगितलेली बांधकामं यांना मात्र हे लागू नाही. आणि हे नियम बांधकामाचे आहेत, मोकळ्या रानाचे नाहीत.

मावशींच्या नोटिशीत सात दिवस होते आणि सुनावणी झालीच नव्हती. प्रांतांकडच्या अपिलात आम्ही पहिला मुद्दा हाच घेतला. नोटिशीत ज्या आदेशाचा क्रमांक असतो त्या मूळ आदेशाची नक्कल जरूर मागा. कधी कधी नोटिशीमागे आदेशच नसतो.

हायकोर्ट आता कोल्हापुरात

प्रांतांनी स्थगिती नाकारली तर? कलम २५२ प्रमाणे, स्थगिती दिली किंवा नाकारली या आदेशावर अपील करता येत नाही. अशा वेळी लोक थेट हायकोर्टाचं दार ठोठावतात, संविधानाच्या अनुच्छेद २२६ आणि २२७ खाली रिट याचिका करून.

आमच्या पट्ट्यातल्या माणसाला याचा अर्थ परवापर्यंत मुंबई असा होता. रात्रीची गाडी, पहाटे दादर, तिथून फोर्ट, प्रकरण बोर्डावर आलं तर आलं, नाही तर परत रात्रीची गाडी. १८ ऑगस्ट २०२५ पासून मुंबई उच्च न्यायालयाचं सर्किट बेंच कोल्हापुरात बसू लागलं आणि कोल्हापूर, सांगली, सातारा, सोलापूर, रत्नागिरी, सिंधुदुर्ग या सहा जिल्ह्यांची प्रकरणं तिथे जाऊ लागली. त्यासाठी वकिलांनी आणि लोकांनी कित्येक वर्षं आंदोलन केलं होतं. अतिक्रमणाच्या प्रकरणात याचं मोल फार मोठं आहे. इथे दिवस नाही, तास मोजायचे असतात, आणि सकाळची एसटी धरून दुपारी वकिलासमोर कागद ठेवता येणं म्हणजेच पुष्कळदा घर राहणं.

हायकोर्ट पहिला प्रश्न विचारतं, अपिलाची सोय असताना इथे का आलात? याला पर्यायी उपायाचा मुद्दा म्हणतात. त्याला उत्तरं ठरलेली आहेत. अधिकाऱ्याला अधिकारच नव्हता, नैसर्गिक न्याय पाळला नाही म्हणजे म्हणणंच ऐकलं नाही, मूलभूत हक्क मोडला, किंवा कायदाच घटनाबाह्य आहे, अशा वेळी पर्यायी उपाय असूनही हायकोर्ट दखल घेऊ शकतं. सुप्रीम कोर्टाने १९९८ मध्ये व्हर्लपूल कॉर्पोरेशनच्या निकालात हे मांडलंय आणि वकील रोज त्याचा आधार घेतात.

पण माझ्या अनुभवात सगळ्यात चालणारी याचिका याहून साधी असते. आम्ही अपील केलंय, त्यात स्थगिती अर्ज दिलाय, त्यावर आदेशच होत नाही, आणि इकडे जेसीबी यायची तारीख लागलीय. अशा वेळी कोर्ट जमिनीच्या हक्कात शिरत नाही. अपील अधिकाऱ्याला सांगतं की स्थगिती अर्ज इतक्या आठवड्यांत निकाली काढा, आणि तोवर कब्जा काढू नका. चार ओळींचा आदेश असतो. लोक त्याला ‘हायकोर्टाने जमीन दिली’ म्हणतात आणि गावात पेढे वाटतात. जमीन दिलेली नसते. तुमचं म्हणणं ऐकून होईपर्यंत छप्पर राहू दिलेलं असतं.

म्हणून प्रांतांकडचा स्थगिती अर्ज, त्याचा आवक शिक्का, रोजनाम्याची (दर तारखेला काय झालं त्या नोंदीची) नक्कल आणि पोलीस बंदोबस्त मागितल्याचं पत्र मिळालं तर ते, असं सगळं एका फायलीत तारखेच्या क्रमाने लावून ठेवा.

दिवाणी कोर्टाचा रस्ता आहे, पण अरुंद. सरकारवर दावा करायला दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम ८० ची दोन महिन्यांची नोटीस लागते. तातडी असेल तर कोर्टाची परवानगी घेऊन नोटिशीशिवायही दावा दाखल होतो. महसुली विषयात दिवाणी कोर्टाला मज्जाव आहे हा आक्षेप पहिल्याच तारखेला येतो. आणि एक गोष्ट फार कमी लोकांना ठाऊक असते. कब्ज्यातून बेकायदा हुसकावल्यास सहा महिन्यांत कब्जा परत मागण्याचा जो झटपट दावा विशिष्ट अनुतोष कायद्याच्या कलम ६ मध्ये आहे, तो सरकारविरुद्ध करता येत नाही. शेजाऱ्याने हुसकावलं तर चालतो, सरकारने हुसकावलं तर नाही. संरक्षण आधी घ्यायचं, नंतर धावून उपयोग थोडा, हे मी जीव तोडून सांगतो ते यासाठी.

गायरानाची दुसरी बाजू

गायरान गावच्या गुरांचं आहे. आमच्याकडे मेंढपाळांची कुटुंबं अजून त्याच माळावर जगतात. जगपाल सिंग विरुद्ध पंजाब राज्य या प्रकरणात २८ जानेवारी २०११ रोजी सुप्रीम कोर्टाने सगळ्या राज्यांना गावांच्या सामाईक जमिनींवरची अतिक्रमणं काढायला सांगितलं. वर्षानुवर्षांचा कब्जा, बांधकामावर केलेला खर्च किंवा राजकीय ओळख हे नियमानुकूल करण्याचं कारण होऊ शकत नाही, असंही बजावलं. त्यावरून महाराष्ट्राने १२ जुलै २०११ चा शासन निर्णय काढला. ऑक्टोबर २०२२ मध्ये मुंबई हायकोर्टाने गायरानांचा विषय स्वतःहून हाती घेतला आणि गावोगाव नोटिसांचा पाऊस पडला.

जगपाल सिंग निकालाशी माझं भांडण नाही. हायवेला लागून गायरानात हॉटेल आणि गाळे काढणाऱ्यांसाठी मी अर्ज लिहीत नाही. पण त्याच निकालात एक वाक्य आहे आणि नोटिसा काढताना ते कुणी वाचत नाही. अपवाद म्हणून, सरकारी अधिसूचनेखाली भूमिहीन मजुरांना किंवा अनुसूचित जाती-जमातींच्या लोकांना जमीन दिलेली असेल, किंवा त्या जागेवर शाळा, दवाखाना अशी सार्वजनिक सोय असेल, तर नियमानुकूल करता येईल. मावशींचा सगळा दावा या अपवादाच्या फटीतून जातो. ती फट रुंद नाही. म्हणून तर अपिलात दंडाच्या पावत्या लागतात.

वनजमिनीवरच्या लोकांसाठी मात्र कायद्यानेच आपोआप चालणारं संरक्षण ठेवलंय. पाटण, जावळी, महाबळेश्वर, शिराळा या डोंगरी तालुक्यांतल्या वाचकांनी हे लक्षात ठेवावं. वनहक्क कायदा, २००६ च्या कलम ४(५) प्रमाणे दाव्याची पडताळणी पूर्ण होईपर्यंत दावेदाराला हुसकावता येत नाही. ग्रामसभेचा ठराव पटला नाही तर ६० दिवसांत उपविभागीय समितीकडे आणि तिथून पुढे ६० दिवसांत जिल्हा समितीकडे जाता येतं. आदिवासी नसलेल्यांना मात्र १३ डिसेंबर २००५ च्या आधीच्या तीन पिढ्यांचं, म्हणजे ७५ वर्षांचं वास्तव्य दाखवावं लागतं.

स्थगिती मिळाल्यावर

वकिलाची फी परवडत नसेल तर तालुक्याच्या कोर्टातच विधी सेवा समिती बसते. महिला आणि अनुसूचित जाती-जमातीच्या व्यक्तींना उत्पन्न न बघता मोफत वकील मिळतो. १५१०० या नंबरवर फोन करूनही विचारता येतं. मावशींना असाच वकील मिळाला.

सोमवारी नक्कल अर्ज. मंगळवारी प्रांतांकडे अपील आणि स्थगिती अर्ज. बुधवारी साहेब बैठकीला. गुरुवारी दुपारी सुनावणी होऊन ‘पुढील तारखेपर्यंत’ स्थगिती झाली. नक्कल घेऊन मावशींचा मुलगा तहसील कार्यालयाच्या आवक खिडकीवर गेला, शिक्का घेऊन आला, मग मंडळ अधिकाऱ्यांना एक प्रत, भाऊसाहेबांना एक, ग्रामपंचायतीला एक, पोलीस ठाण्याला एक. पाच पोचा झाल्या. वरचा आदेश खाली आपोआप पोहोचत नाही, तो आपणच पोहोचवायचा असतो.

तरीही शुक्रवारी सकाळी जेसीबी आला. पथक दुसरीकडचं होतं, त्यांना कुणी सांगितलं नव्हतं. मावशी दारात उभ्या राहिल्या. आरडाओरडा करायचा नाही, दगडाला हात लावायचा नाही, फक्त कागद दाखवायचा, एवढं त्यांना आदल्या रात्री तीनदा सांगितलं होतं. पथकाच्या प्रमुखांनी आदेश वाचला, फोन केला आणि पंचनाम्यात लिहिलं, ‘स्थगिती आदेशाची प्रत हजर केल्याने कारवाई थांबवण्यात आली.’ त्या पंचनाम्याची प्रत मुलाने मागून घेतली. ती घ्यायचीच असते. उद्या कुणी म्हणालं की आम्हाला स्थगिती माहीतच नव्हती, तर तीच उत्तर देते.

स्थगिती असताना नवीन खोली बांधायची नाही, पत्रा वाढवायचा नाही, कुणाला भाड्याने द्यायचं नाही, तोंडी व्यवहारही करायचा नाही. समोरचे फोटो काढून ठेवतात आणि स्थगिती उठवायचा अर्ज देतात, आणि ती उठते. गळकं छप्पर शाकारायचं असेल तर आधी कळवून, तसा अर्ज देऊन शाकारा.

आणि ‘पुढील तारखेपर्यंत’ या दोन शब्दांवर बोट ठेवून मुलाला सांगितलंय की दर तारखेला हजर राहायचं. साहेब दौऱ्यावर असले आणि नुसती तारीख पडली, तर त्या दिवशीच स्थगिती संपली असं समोरचे म्हणू शकतात. रोजनाम्यात ‘स्थगिती कायम’ असं लिहून घ्यायचं आणि त्याची नक्कल काढायची. कोर्टातली स्थगिती सहा महिन्यांनी आपोआप उठते, असा एक नियम २०१८ च्या निकालामुळे चालत होता. २९ फेब्रुवारी २०२४ ला सुप्रीम कोर्टाच्या पाच न्यायमूर्तींनी तो काढून टाकला. पण तारखेपुरती दिलेली स्थगिती ही तारखेपुरतीच असते, त्या निकालाने तिला आयुष्य वाढत नाही. गैरहजेरीत अपीलच निकाली निघालं तर स्थगिती त्याच्याबरोबर जाते, मग कागद कितीही खरे असोत.

पुण्याच्या अपिलातही आता दंडाच्या पावत्या जोडायचा अर्ज दिलाय आणि कब्जा काढू नये अशी मागणी वेगळी टाकलीय. पुढची तारीख सोमवारची आहे. मावशींचा मुलगा आदल्या रात्रीच निघणार आहे, सोबत पावत्यांची मूळ प्रत, फाटकी ती वेगळ्या पाकिटात.